बिनव्याजी कर्ज मिळेल, चौकशी कोर्टात करावी

धंद्याला भांडवल हवंय आणि बँक दारात उभं करत नाही? पतपेढी दोन जामीनदार मागते? अष्टमीकरांनो, काळजी सोडा. कुंडलिकेचा पूल ओलांडा आणि रोह्याचं कोर्ट गाठा. तिथे बिनव्याजी कर्जाची सोय आहे. अट एकच, आधी कुणाला तरी चेक द्यायचा आणि तो वटू द्यायचा नाही.

कृती सोपी आहे. माल उचलायचा, चेक फाडायचा आणि सांगायचं, "शेठ, सोमवारी टाका." सोमवारनंतर बँकेचा मेमो येतो, खात्यात पुरेशी रक्कम नाही. शेठ वकील गाठतात. मेमो मिळाल्यापासून 30 दिवसांत नोटीस, नोटीस मिळाल्यावर तुम्हाला 15 दिवस, त्यानंतर शेठना फिर्यादीसाठी एक महिना. म्हणजे दोन-अडीच महिने नुसत्या टपालात निघतात.

पुढे तारखा सुरू. खटला सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न करावा, असं कायदा म्हणतो. प्रयत्न सगळेच करतात. 2019 अखेर देशात असे 35 लाखांवर खटले तुंबले होते. त्या गर्दीत तुमचा एक कुणाच्या डोळ्यांवर येणार? उलटतपासणीला दोन वाक्यं पाठ हवीत, "चेक सिक्युरिटीपोटी दिला होता" आणि "आकडा शेठनीच घातला."

तुरुंगाची धास्ती वाटते? कलम 138 मध्ये दोन वर्षांपर्यंत कैद आणि चेकच्या दुप्पट रकमेपर्यंत दंड आहे खरा. पण कलम 147 तडजोडीचं दार उघडं ठेवतं. 2010 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याचं दरपत्रक लावलं. पहिल्या-दुसऱ्या तारखेला मिटवलं तर काही नाही. नंतर चेकच्या 10 टक्के, सत्र किंवा उच्च न्यायालयात 15, दिल्लीत 20. सप्टेंबर 2025 मध्ये भाव उतरले. आता आरोपीच्या बचावाचा पुरावा सुरू होईपर्यंत सगळं फुकट, त्यानंतर निकालापर्यंत 5 टक्के, वरच्या कोर्टात साडेसात, दिल्लीत 10. अशी घसघशीत सूट दसऱ्याच्या सेललाही मिळत नाही. शिवाय हे टक्के जातात विधी सेवा प्राधिकरणाकडे. वर्षानुवर्षं थांबलेल्या शेठच्या हातात त्यातला रुपयाही पडत नाही.

ज्या खटल्यात हे नवे दर ठरले, तो गोव्याचा. चेक 6 लाखांचा. मित्राला बँकेचं कर्ज मिळावं म्हणून आपण सही केलेला कोरा चेक दिला, असं आरोपीचं म्हणणं. 2009 मध्ये उच्च न्यायालयाने त्याला सोडलं, 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोषी धरलं आणि साडेसात लाख भरायला सांगितले, तेही 15 मासिक हप्त्यांत! इतक्या वर्षांत दीड लाख वर. एवढ्या कमी व्याजाला कुठला सावकार उभा राहील?

आमच्या रोह्याला ही योजना विशेष शोभते. रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर चिंतामणराव देशमुख यांचं बालपण इथलंच. त्यांच्या सहीची नोट देशभर चालली. आमच्या सहीचा चेक पुलापलीकडे जाऊन परत येतो.

अखेर लोकअदालत भरते. "घरचीच माणसं आपण," म्हणत शेठ व्याज सोडतात, मग मुद्दलातलेही थोडे. तडजोडीच्या लेखी पुरसिसवर सह्या होतात. चहा शेठच पाजतात. आणि पहिल्या हप्त्यासाठी आरोपी हसतमुखाने खिशातून काढतो चेकबुक.

शेठ, तडजोड जरूर करा. लोकअदालतीचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखा वसूल करता येतो. पण त्याआधी, आरोपीने गुन्हा नाकारला की 20 टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाईचा अर्ज द्या. पुरसिसमध्ये हप्त्यांच्या तारखा आणि चुकल्यास व्याज लिहून घ्या. पैसे डीडीने किंवा थेट खात्यात. आणि शेवटचा हप्ता जमा झाल्याशिवाय फिर्याद मागे घेऊ नका, मग समोरचा कितीही घरचा असो.