अवकल समीकरणांच्या ग्रंथनिवडीची शास्त्रोक्त पद्धती

अवकल समीकरणे शिकण्याचा ज्याने निश्चय केला आहे, त्याने समीकरण सोडविण्याच्या उतावळेपणास बळी न पडता प्रथम ग्रंथनिवडीचे कार्य हाती घ्यावे; कारण समीकरण चार ओळींत सुटून जाण्याची धास्ती असते, निवड मात्र निष्ठेने केल्यास सबंध सत्रभर चालते.

आरंभ वडीलधाऱ्यांपासून करावा. पियाजिओ यांचा १९२० चा आणि इन्स यांचा १९२६ चा ग्रंथ संग्रही असल्यावाचून कपाटास प्रतिष्ठा येत नाही. मग बॉइस व डिप्रायमा यांची जुनी आवृत्ती घ्यावी की नवी, या वादाचा निकाल घाईने लावू नये. १९६५ पासून आवृत्त्या निघत आल्या, तरी ज्या राशीच्या वाढीचा वेग त्या राशीच्याच प्रमाणात असतो, तिचे उत्तर अद्याप घातांकी फलच आहे, ही गोष्ट वादात काढू नये. अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्याने ग्रेवालांच्या पुस्तकाची चिंता करू नये. परीक्षा तोंडावर आली की ते पुस्तक आपोआप उघडते.

विनामूल्य साधने सरसकट उतरवून घ्यावीत. पॉल डॉकिन्स यांची टिपणे, एनपीटेलची व्याख्याने, विल्यम ट्रेंच यांनी पुढे खुले केलेले पाठ्यपुस्तक, ही सारी संगणकाच्या दप्तरी दाखल झाली म्हणजे अभ्यास झाल्याचे निम्मे समाधान लाभते. एमआयटीच्या आर्थर मॅटक यांच्या २००३ च्या व्याख्यानांविषयी मात्र सावध राहावे: हे गृहस्थ पहिल्याच तासाला सूत्र देण्याऐवजी बिंदूबिंदूवर उताराच्या बारीक रेघा काढावयास सांगतात, सबब हाती पेन्सिल घेण्याचा प्रसंग ओढवतो.

त्याहून घातक अशी एक कसोटी आहे. य चा अवकलज य च्या घनमूळाच्या वर्गाइतका असावा आणि वक्र आरंभबिंदूतून जावा, अशी अट घालून ग्रंथास जाब विचारावा. नुसत्या कृतींचा ग्रंथ चले अलग करून, क्ष च्या घनाचा सत्ताविसावा भाग उत्तर म्हणून पुढे करील. भागाकाराच्या गडबडीत ‘य सदैव शून्य’ हे दुसरे उत्तर गहाळ झाल्याचा त्यास पत्ताही नसेल. जाणता ग्रंथ सांगेल की, वाटेल तितका वेळ शून्यावर स्वस्थ बसून मग उठणारी असंख्य उत्तरे येथे संभवतात, कारण एकमेव उत्तराची हमी देणाऱ्या प्रमेयाची अटच येथे मोडते.

परंतु अशी झडती घ्यावयाची तर समीकरण आधी स्वतः सोडवावे लागते. आणि ती सवय एकदा जडली की हाताशी असलेले कोणतेही बरे पुस्तक पुरते व निवडीचे सारे प्रकरण सुनावणीवाचूनच खारीज होते.