सीझन शून्य

घरच्या संगणकात साठवलेला जपानी ॲनिमेचा संग्रह पोस्टर, कथासार आणि भागक्रमांकासह टीव्हीच्या पडद्यावर मांडून दाखवणाऱ्या प्रणालीस मीडिया सर्व्हर म्हणतात. प्लेक्स, तसेच एम्बीने आपला स्रोत बंद केल्यावर २०१८ साली त्यातून फुटून निघालेला जेलीफिन ही तिची परिचित उदाहरणे होत. सर्व्हर स्वतः एकही भाग पाहत नाही. तो फाइलचे नाव वाचतो, त्या नावाची एखाद्या माहितीकोशात चौकशी करतो आणि मिळेल ते पोस्टर डकवतो. ही चौकशी ‘एस०१ई०१’, म्हणजे पहिला सीझन, पहिला भाग, अशा शिस्तीत चालते, आणि जपानी निर्मात्यांनी ती शिस्त फारशी मनावर घेतलेली नाही.

१९९९ पासून चालू असलेल्या ‘वन पीस’चे हजारावर भाग चाहते एका दमात सलग मोजतात, तर ‘अटॅक ऑन टायटन’चा अंतिम सीझन डिसेंबर २०२० मध्ये सुरू होऊन, पोटभाग पाडत पाडत, नोव्हेंबर २०२३ मध्ये एकदाचा आटोपला.

खरी कसोटी मात्र ‘हारुही सुझुमिया’ घेते. २००६ साली तिचे चौदा भाग कथाक्रम मोडून दाखवले गेले आणि २००९ साली तेच भाग, मधूनमधून चौदा नवे घालून, कथाक्रमाने पुन्हा दाखवले गेले, त्यामुळे कोणत्याही जुन्या भागाचा क्रमांक विचारणे हा वादाला तोंड फोडण्याचा खात्रीचा मार्ग ठरला. नव्यांपैकी लागोपाठचे आठ भाग उन्हाळी सुट्टीच्या त्याच पंधरवड्यात अडकलेल्या पात्रांची जवळजवळ एकच कथा सांगतात. प्रत्येक भाग नव्याने रेखाटलेला असला तरी डिस्कवर जागा करायला निघालेला संग्राहक त्यांना नकला समजून सात भाग उडवू शकतो, आणि त्याला दोष देणे कठीण आहे. तशी सोय चालू असल्यास जेलीफिन त्या सातांच्या रिकाम्या चौकटी इमानेइतबारे दाखवतो.

कशातच न बसणारे भाग, त्यांत टीव्हीऐवजी थेट कॅसेटवर वा डिस्कवर विकलेले ‘ओव्हीए’ही आले, ‘सीझन शून्य’ या पोटमाळ्यावर टाकले जातात. तेथील आवराआवर संपत नाही. जेवताना घरच्यांनी काहीतरी लावायला सांगितलेच, तर स्कॅन चालू असल्याचे कारण पुढे करून संग्राहक बातम्या लावतो.