नंबर वाढतोय, अभिनंदन!

अंधेरी ते बोरिवली आणि घाटकोपर ते मुलुंड या पट्ट्यातल्या तमाम चष्मिष्टांचं अभिनंदन! आपले डोळे शेअर बाजारात पोचले. 2025च्या फेब्रुवारीत 'डॉ. अगरवाल्स' ही डोळ्यांच्या इस्पितळांची साखळी बाजारात उतरली, नोव्हेंबरात 'लेन्सकार्ट' उतरली. एक मोतीबिंदू काढणारी, दुसरी चष्मा घालणारी. पण पत्रिका अशी जुळली की दोघींच्या शेअरचा किंमतपट्टा तंतोतंत एकच निघाला, 382 ते 402 रुपये. वरच्या भावाने लेन्सकार्टचं मोल झालं सुमारे 70 हजार कोटी, आणि त्याआधीच्या आर्थिक वर्षातला नफा 297 कोटी. भागाकार करून बघा, उत्तर सव्वादोनशेच्या वर जातं. एवढी किंमत मोजायची तर गुंतवणूकदाराची लांबची नजर फारच तेज पाहिजे. 10 नोव्हेंबरला शेअरची नोंदणी झाली तेव्हा भाव 402च्या खालीच उघडला, म्हणजे काही जणांना जवळचंही दिसत होतं.

एवढा विश्वास बाजाराने टाकला कोणावर? तुमच्या-माझ्यावर नव्हे, आपल्या पोरांच्या डोळ्यांवर. 2050 सालापर्यंत जगातल्या जवळजवळ निम्म्या माणसांना लांबचं दिसेनासं होईल, असा अंदाज 2016 मध्ये एका मोठ्या अभ्यासाने मांडला. तो वाचून डोळ्यांच्या डॉक्टरांच्या पोटात गोळा आला आणि बाजाराच्या तोंडाला पाणी सुटलं. गिऱ्हाईक तिसरी-चौथीत सापडतं, चाळिशीत आपल्या पायाने परत येतं, साठीत मोतीबिंदू घेऊन तिसऱ्यांदा येतं. अशा धंद्यात मंदी यायची कुठून?

बोरिवलीचा एल. टी. रोड घ्या, मुलुंडचा एम. जी. रोड घ्या, नाहीतर लोखंडवाला मार्केट. वाणी हलला की तिथे चष्म्याचं दुकान, पुस्तकवाला उठला की तिथे चष्म्याचं दुकान. पूर्वी वाचायला पुस्तक असायचं आणि चष्मा घरात एकच, तोही आजोबांच्या नाकावर. आता माणशी दोन चष्मे आहेत. वाचायला काय आहे, ते विचारू नका.

जुन्या चष्मेवाल्याकडे काचांची एक लाकडी पेटी असायची. तो नाकावर ती जडशीळ गोल फ्रेम ठेवायचा, खटाखट काचा बदलायचा आणि प्रत्येक वेळी विचारायचा, "हे बरं, की हे बरं?" शेवटी आपण कंटाळून "दोन्ही बरं" म्हणायचो आणि तो बरोबर नंबर काढायचा. काडीचा स्क्रू सैल झाला तर आवळून द्यायचा, नोजपॅड बदलून द्यायचा, आणि पैसे काढले की "राहू द्या हो" म्हणायचा. नव्या चकाचक दुकानात परवा मी चष्मा करायला गेलो. तिथला मुलगा माझ्याकडे डोळे बारीक करून बघत राहिला. मला वाटलं, नंबर त्यालाच आहे.

"सर, तुमचा फेस ओव्हल आहे."

"असेल बाळा. मला पेपर दिसत नाही."

"मग प्रोग्रेसिव्ह घ्या. त्यात ब्लू कट, अँटिग्लेअर, अँटिस्क्रॅच. पाणी पण टिकत नाही काचेवर. आणि सर, दुसरी फ्रेम फ्री!"

फ्रेम फ्री म्हणजे फ्रेमच फ्री. तिच्यात काचा बसवायच्या तर त्यांचे पैसे वेगळे, आणि काचांशिवाय ती फ्रेम नाकावर मिरवायची तर ओव्हल फेस कामी येणार. 22 सप्टेंबर 2025 पासून केंद्र सरकारने नंबराच्या चष्म्यावरचा जीएसटी 12 टक्क्यांवरून 5 वर आणला. सरकारचे आभार. माझ्या बिलात ते सात टक्के कोटिंगच्या नावांखाली कुठे गडप झाले, ते मात्र नव्या चष्म्यातूनही दिसलं नाही.

त्यातल्या ब्लू कटचं एक सांगायला हवं. संगणकाच्या निळ्या प्रकाशाने डोळे शिणतात, म्हणून ही काच. 2023 मध्ये 'कॉक्रेन' या संस्थेने 17 चाचण्या एकत्र करून तपासल्या आणि निष्कर्ष काढला की डोळ्यांचा शीण घालवण्यात निदान थोड्या काळापुरता तरी या काचेने बहुधा काही फरक पडत नाही. दुकानदाराच्या दिवसभराच्या गल्ल्यात फरक पडतो, पण तो त्या चाचण्यांचा विषय नव्हता.

निवडीचं स्वातंत्र्य मात्र अफाट. मॉलमधल्या कपाटात रे-बॅन, ओकली, वोग, पर्सोल अशी मंडळी ओळीने मांडलेली. यावरून त्यावर, त्यावरून यावर तासभर नजर फिरवावी, बायकोचा सल्ला घ्यावा, लेकाची टिंगल सोसावी आणि शेवटी मोठ्या विचाराने एक उचलावी. ही चारही नावं 'एसिलॉरलक्सोटिका' या एकाच घरची आहेत. तुम्ही कोणालाही मत द्या, सरकार ठरलेलं आहे. हल्ली त्याच घराने मेटाशी सोयरीक करून फोटो काढणारा चष्माही आणलाय. भारतात तो मे 2025 मध्ये 29,900 रुपयांपासून पुढे सुरू झाला. बघणाऱ्याला दिसो न दिसो, चष्म्याला सगळं दिसतं.

आणि चष्मा नकोच असेल, तर आपल्या मुंबईतच थेंब निघाले होते. 2024च्या सप्टेंबरात एन्टॉड या इथल्याच कंपनीने गाजावाजा केला की आमचे थेंब डोळ्यांत टाका, पंधरा मिनिटांत जवळचं दिसेल, चाळिशी फेकून द्या. आमच्या इमारतीत तर एका काकांनी चष्म्याचं घर नातवाच्या कंपासपेटीसाठी देऊनही टाकलं. थेंब दुकानात यायच्या आतच औषध नियंत्रकांनी परवानगी स्थगित केली, कारण जाहिरातीतले दावे मंजुरीपेक्षा बरेच लांबचे निघाले. काकांनी ते घर नातवाच्या अंगावर ओरडून परत घेतलं.

गंमत अशी की ही चाळिशी घाटकोपर स्टेशनबाहेर प्लास्टिकच्या स्टँडवर शंभर-दीडशे रुपयांत टांगलेली असते. बांगलादेशात कारागीर आणि कष्टकऱ्यांना असलेच साधे वाचायचे चष्मे देऊन पाहिले, तर त्यांची कमाई तेहतीस टक्क्यांनी वाढली, असं 2024 मध्ये प्रसिद्ध झालं. शिलाई मशीनवर बसणाऱ्या बाईला सुईचं नाक दिसणं, याहून मोठी आयकेअर क्रांती कोणती? पण शंभर रुपयांच्या चष्म्यावर सिनेनटाचा फोटो लावून होर्डिंग उभं करणं परवडत नाही, म्हणून ती क्रांती पुलाच्या पायऱ्यांशीच बसून राहते आणि पालिकेची गाडी आली की गाठोडं बांधून पळते.

घराघरांत तर वेगळीच त्रेधा आहे. मुलीचं लग्न ठरवायचं म्हणून आईबाप कर्ज काढून तिचा चष्मा लेझरने घालवतात, आणि तिचा धाकटा भाऊ, ज्याचे डोळे ठणठणीत आहेत, तो बिननंबराचा जाड काळ्या फ्रेमचा चष्मा विकत आणून लावतो, कारण त्यात तो हुशार दिसतो. एकाच हप्त्याच्या तारखेला एका घरातून चष्मा जातो आणि एक येतो. उद्योगाची वाढ म्हणतात ती हीच.

आता मुद्द्याचं. दुकानात नंबर काढायच्या मशिनवर हनुवटी टेकवली की आत एक चित्र दिसतं. दोन्ही बाजूंना हिरवंगार, मधून सरळसोट मोकळा रस्ता, आणि पार क्षितिजावर एक रंगीत फुगा. फुगा आधी धूसर असतो, मग स्पष्ट होतो. ते चित्र तिथे उगाच नाही. फुगा लांब आहे असं वाटलं की डोळ्याचे स्नायू सैल पडतात आणि नंबर नीट मोजता येतो. बोरिवलीतल्या एका आठ वर्षांच्या चिरंजीवांनी त्यातून डोकं काढलं आणि विचारलं, "हे कुठे आहे?" मदतनीस मुलगी गोंधळली. पोराचं चुकलं काय? ज्याच्या शेवटी काहीच बांधलेलं नाही असा रस्ता त्याने आयुष्यात पहिल्यांदा पाहिला होता, आणि तोही मशिनमध्ये.

डॉक्टर सांगतात, वीस मिनिटं स्क्रीन पाहिली की वीस फुटांपलीकडे वीस सेकंद बघा. उत्तम. आमच्या मुलुंडात जुनी तीन मजली चाळवजा इमारत पाडून तेवीस मजली टॉवर उभा राहिला, शेजारच्याने अठ्ठावीस मजले चढवले. बाविसाव्या मजल्यावरच्या हॉलमधून वीस फुटांपलीकडे बघायचं तर समोरच्यांच्या स्वयंपाकघरातला कुकर दिसतो. वीस सेकंद बघितलं तर त्या बाई पडदा ओढतात, तीस सेकंद बघितलं तर सोसायटीकडे तक्रार जाते. पूर्वी इथून नॅशनल पार्कचा डोंगर दिसायचा. डोंगर अजून तिथेच आहे, ब्रोशरमध्ये त्याचा रंगीत फोटोही आहे आणि 'हिल व्ह्यू' म्हणून प्रत्येक चौरस फुटामागे त्याचे पैसेही घेतलेले आहेत.

चीनमधल्या ग्वांगझू शहरात पहिलीच्या मुलांना रोज फक्त 40 मिनिटं जादा उघड्यावर काढायला लावली. तीन वर्षांनी मोजलं तर नव्याने चष्मा लागलेल्यांचं प्रमाण इतर शाळांत 39.5 टक्के होतं, या शाळांत 30.4. हे निष्कर्ष 2015 मध्ये छापून आले. कारण बहुधा उन्हाचा उजेड. आपल्याकडे ऊन मुबलक आहे, मुलं मुबलक आहेत, मधे फक्त मैदान लागतं. ते नवरात्रात गरब्याला जातं, मार्गशीर्षात लग्नाच्या मंडपाला, आणि उरलेल्या दिवसांत त्यावर कोणाचा तरी टेम्पो उभा असतो. म्हणून आपण मुलाला नंबर वाढू नये यासाठीच्या खास काचा करून देतो. त्या काम करतात, हे मान्य. किंमत ऐकून बापाचे डोळे पांढरे होतात, तो नंबर कोणी मोजत नाही.

आमच्या इमारतीच्या फाटकातच पाटी आहे: 'आवारात खेळण्यास सक्त मनाई. हुकुमावरून.' अक्षरं एवढी मोठी की उणे सातवाल्यालाही चष्म्याशिवाय वाचता यावीत. ही पाटी काढून संध्याकाळी पाच ते सात पार्किंगमधली मधली जागा पोरांना मोकळी करावी, असा ठराव येत्या सर्वसाधारण सभेत मी मांडणार आहे. तुमच्याही सोसायटीत ही पाटी असणारच. तुम्हीही ठराव मांडा. आमच्याकडे सूचक म्हणून मी आहे. अनुमोदक अजून मिळालेला नाही.