दिसलो काय?

‘मला हृदयविकार, दमा, फिट्स, मणक्याचा विकार किंवा पाण्याची भीती नाही’ या वाक्याखाली मी सही केली तेव्हा सकाळचे पावणेसात वाजले होते आणि पहिल्या चार गोष्टींबद्दल मी खरं बोललो होतो. त्याखाली आणखी एक ओळ होती. ‘काही बरे-वाईट झाल्यास त्याची जबाबदारी सर्वस्वी माझी राहील.’ वाईटाचं समजू शकतो, पण बरं झालं तरी जबाबदारी आपलीच, हे मला पहिल्यांदाच कळलं.

“अहो, वाचत काय बसलात? सही करा नि चला,” बायको म्हणाली. बँकेत तीस वर्षं लोकांकडून न वाचता सह्या घेतलेल्या माणसाला हे ऐकावं लागतं, याला कर्माची फळं म्हणतात.

देवबागच्या किनाऱ्यावर आम्ही चौघं उभे होतो. मी, बायको, नववीतला मुलगा आणि माझी मावशी. दिवसाचं पॅकेज मुलाने मोबाइलवर शोधून काढलं होतं. सकाळी डॉल्फिन, मग स्कूबा, दुपारी मालवणी थाळी, नंतर बनाना राइड आणि शेवटी खाडीतून सूर्यास्त. सगळं गाइडसह. यातल्या थाळीला माझा मनापासून पाठिंबा होता. मावशी मूळची कुडाळची, चाळीस वर्षं डोंबिवलीत काढलेली. तिला यातलं काहीच करायचं नव्हतं. ती फक्त संध्याकाळी मालवणच्या धक्क्यावर मासळीचा लिलाव बघायला मिळेल म्हणून आली होती. पण बोटीत बसल्या बसल्या तिने गाइडचा ताबा घेतला.

“खंयचो रे तू?”

“हयचोच, देवबागचो.”

“कोणाचो झील?”

पाच मिनिटांत त्या मुलाच्या आजीचं माहेर मावशीच्या चुलत नणंदेच्या वाडीत निघालं. त्यानंतर दिवसभर तो आम्हाला ‘सर, मॅडम’ आणि मावशीला ‘आवशी’ म्हणत होता. आम्ही गिऱ्हाईक, ती घरची.

लाइफ जॅकेट हे एक वेगळंच प्रकरण आहे. नारिंगी रंगाचं, आदल्या दिवशीच्या पर्यटकाच्या घामाने ओलं, आणि तीनपैकी एक क्लिप हमखास तुटलेली. माझ्या पोटावरची क्लिप लागेना. गाइडने गुडघा टेकवून, होल्डॉल बांधतात तसं मला आवळलं. त्यानंतर माझी मान खांद्यात गेली ती दुपारपर्यंत बाहेर आली नाही. डॉल्फिन डावीकडे आला की डावीकडे बघायला मला अख्खं वळावं लागे, आणि मी वळेपर्यंत तो उजवीकडे गेलेला असे.

“तो बघा! डाव्या हाताक! दिसलो काय?”

“कुठे?”

“गेलो.”

हा संवाद आमच्यात त्या सकाळी किमान वीस वेळा झाला. मुलाने सात डॉल्फिन मोजले. बायकोने चार मिनिटांचा व्हिडिओ काढला. त्यात सुरुवातीला पाणी आहे, मध्ये पाणी आहे, शेवटी माझा कान आहे, आणि मागून “अय्या, अय्या” असा आवाज आहे. मी एक फेसाळ लाट, एक तरंगता नारळ आणि शेजारच्या बोटीतल्या एका गृहस्थांची टोपी, एवढं पाहिलं. टोपी मात्र बराच वेळ दिसत होती.

“काळजी करू नकात,” गाइड म्हणाला. “तेका श्वास घेवक वर येवकच व्हया. खंय जातलो?”

मुद्दा बिनतोड होता. डॉल्फिन मासा नाही, आपल्यासारखाच सस्तन प्राणी. हवेवाचून त्याचं चालत नाही, आणि आपला सगळा धंदा त्याच्या या एका अडचणीवर उभा आहे. इथला डॉल्फिन टीव्हीवरच्यासारखा उंच उड्या मारून टाळ्या घेणारा नाही. हा करड्या रंगाचा, पाठीवर कुबड आणि कुबडावर इवलासा पर असलेला, किनाऱ्याजवळच्या उथळ पाण्यात राहणारा, संकोची प्राणी. पाठ जरा वर काढली, श्वास घेतला, गेला. त्याला बघायला आठ बोटी गोल करून उभ्या. तो जिथे वर येई तिथे आठही जणांची इंजिनं एकदम घरघरत निघत. त्याचा सगळा व्यवहार आवाजावर चालतो. गढूळ पाण्यात वाट आणि मासे तो आवाज सोडून, त्याचा प्रतिध्वनी ऐकून शोधतो. त्याच्या दारात आम्ही ही वरात घेऊन गेलेलो. उद्या मी सकाळी बाथरूममधून तोंड पुसत बाहेर यावं आणि दारात आठ रिक्षा हॉर्न वाजवत “तो बघा, आला आला” करत उभ्या असाव्यात, तर मीही आत जाऊन कडी लावीन.

मुलाने तेवढ्यात माहिती दिली की डॉल्फिन झोपताना मेंदूचा अर्धाच भाग झोपवतो, उरलेला अर्धा जागा असतो. यात कौतुक वाटण्यासारखं मला काही दिसलं नाही. आमच्या शाखेत मार्च सोडून बाकी अकरा महिने हेच चालायचं.

तिथून सीगल पॉइंट. वाळूच्या पट्ट्यावर शेकडो कुरव पक्षी बसलेले. त्यातले काही हिवाळ्यात लडाख-तिबेटकडून इतक्या लांब उडत येतात, हे ऐकून मी खरोखर भारावलो. तेवढ्यात शेजारच्या बोटीतून कुणीतरी शेव उधळली आणि हिमालय ओलांडून आलेला तो थवा मंगल कार्यालयातल्या पहिल्या पंगतीसारखा तुटून पडला. आम्ही पुण्याहून इथे मासे खायला आलो होतो, आणि तो पक्षी तिबेटहून शेव खायला आला होता. पुढे खेकडा बेटावर चिमुकले खेकडे दिसले. आमची चाहूल लागताच ते वाळूतल्या बिळांत पसार झाले. मावशीने वाकून एकाचं निरीक्षण केलं आणि निकाल दिला, “ह्यांच्यात मास नाय.” तिच्या लेखी सगळ्या समुद्री जिवांचे दोनच वर्ग आहेत, तळायचे आणि आमटीतले. डॉल्फिन दोन्हीत बसत नसल्यामुळे सकाळभर तिने त्याच्याकडे साफ दुर्लक्ष केलं होतं.

स्कूबा मालवणला, सिंधुदुर्ग किल्ल्याजवळ. महाराजांनी 1664 साली कुरटे बेटावर या किल्ल्याचं काम सुरू केलं. मी बोटीतून त्याची तटबंदी बघत होतो आणि मनात म्हणत होतो, ज्यांनी ही भर समुद्रात उभी केली त्यांच्या मुलखातला माणूस रबरी सूटमध्ये पाय घालताना दोनदा पडतो. त्या गडबडीत प्रशिक्षक हाताच्या खुणा शिकवत होता. मला ऐकू आलं ते एवढंच, “काही त्रास झाला तर खूण करा.”

चष्मा काढून ठेवला, मास्क चढवला, तोंडात नळी कोंबली आणि पाठीमागून सिलिंडर धरून त्याने मला खाली नेलं. पहिल्या मिनिटाला कान असे दुखले की मी सगळ्या कुलदैवतांना एकदम बोलावलं. मग नाक दाबून फुंकर मारायची आठवण झाली आणि कानात टिचकी वाजल्यासारखं होऊन सगळं मोकळं झालं. आणि मग, खरं सांगतो, मी खुळावलो. पाण्यात मास्कमधून वस्तू जवळ आणि मोठ्या दिसतात, त्यामुळे साडेपाच नंबरच्या माझ्या डोळ्यांनाही काळ्या-पिवळ्या पट्ट्यांचे मासे नाकासमोर स्पष्ट दिसत होते. एक निळसर मासा खडकाला चोच मारत होता, तो करकर आवाजही मला ऐकू येत होता. मी आनंदाने प्रशिक्षकाला अंगठा दाखवला. झकास!

त्याने मला सरळ वर आणलं.

काय झालं कळेना. पुन्हा खाली गेलो. पुन्हा मासे, पुन्हा आनंद, पुन्हा अंगठा, पुन्हा वर. तिसऱ्या वेळी त्याने तोंडातली नळी काढली आणि हताशपणे म्हणाला, “सर, तुमका वर येवचा आसा की खाली ऱ्हवचा आसा, एकदा काय ता ठरवा.”

तेव्हा कळलं. पाण्याखाली अंगठा वर म्हणजे ‘मला वर न्या’. ‘छान चाललंय’ म्हणायला अंगठा आणि तर्जनी जुळवून गोल करायचा. आयुष्यभर ज्या खुणेने कर्जं मंजूर केली, तिने मला तीनदा समुद्रातून हाकललं होतं.

चौथ्या खेपेला मी दोन्ही हात घट्ट छातीशी धरून राहिलो. प्रशिक्षकाने खिशातून ब्रेडचा तुकडा काढला, पाण्यात चुरला आणि शंभरेक मासे आमच्यावर धावून आले. फोटो अप्रतिम आला. पण शेवेची चव लागलेले कुरव आणि ब्रेडला सोकावलेले मासे एकाच सकाळी पाहिले, आणि मला उगाच अपराधी वाटलं. मालवणचं सागरी अभयारण्य 1987 साली जाहीर झालं, एकोणतीस चौरस किलोमीटरचं, आणि त्यात आम्ही बेकरी उघडली होती.

वर आल्यावर मी मावशीला माशांचं रसभरीत वर्णन ऐकवलं. तिने शांतपणे विचारलं, “केवढो होतो?” मी हाताने दाखवलं. “मगे तळूचो,” ती म्हणाली आणि वर्गीकरण पूर्ण केलं.

दुपारच्या थाळीबद्दल मी लिहीत नाही. सुरमईची कड कुरकुरीत होती, सोलकढी तीनदा घेतली, आणि त्यानंतर माणसाने फक्त झोपावं. पण पॅकेजमध्ये झोप नव्हती.

कर्ली नदी समुद्राला मिळते तिथे वाळूचा एक पट्टा आहे, त्याला त्सुनामी आयलंड म्हणतात. तिथे बनाना राइड. केळ्याच्या आकाराचा पिवळा फुगा, त्यावर घोड्यावर बसल्यासारखे पाच जण, आणि पुढे स्पीडबोट. राइडचा खरा हेतू पाडण्याचा असतो, हे मला पडल्यावर सांगण्यात आलं. ऐन वळणावर बोटवाल्याने झटका दिला. पोटातली सुरमई परत घरी निघाली, आकाश खाली आलं, आणि मी कर्लीच्या पात्रात नारिंगी बुचासारखा वर तरंगू लागलो. सगळे जागच्या जागी होते. फक्त चष्मा नव्हता.

“दोरी बांधायची ना मागून,” बायको म्हणाली. हे वाक्य ती लग्नात माझी टोपी उडाली तेव्हाही म्हणाली होती.

मावशी काठावर बसून शहाळं पीत होती. तिने नदीकडे पाहून विचारलं, “कर्लेत कर्ली गावता काय रे?” गाइड म्हणाला, “गावता, पण काटे फार.” माझ्या चष्म्याची चौकशी कुणी केली नाही.

परतीला सूर्य खाली गेला होता. मला तो एक विरघळलेला संत्रा दिसत होता, बाकी सगळं जग साबणाच्या पाण्यासारखं. संगमाजवळ आलो आणि खटखट आवाज करून इंजिन बंद पडलं. पंख्यात जाळ्याचा तुकडा अडकला होता. गाइड मागे ओणवा होऊन तो सोडवायला लागला. बाकीच्या बोटी केव्हाच गेल्या होत्या. दिवसभरात पहिल्यांदाच कुठलंही इंजिन चालू नव्हतं. बोटीच्या कडेला पाणी चुबुक चुबुक करत होतं, तेवढंच.

आणि माझ्या उजव्या हाताला, अगदी कोपराजवळ म्हणावं इतक्या जवळ, कुणीतरी दमल्यासारखा श्वास सोडला. फुस्स. मग तितकाच चटकन आत घेतला. चेहऱ्यावर बारीक तुषार उडाले. मी वळलोही नाही. वळून दिसणार काय होतं? बोटीत कुणी हललं नाही, मुलाने मोबाइलसुद्धा काढला नाही. थोड्या अंतरावर आणखी एक श्वास, मग एक लहानसा, बहुधा पिल्लाचा.

गाइड हातातलं जाळं तसंच धरून, माझ्या कानाशी येऊन कुजबुजला, “सर, दिसलो काय?”

“नाही,” मी म्हटलं. “पण वास आला.”

दिवसभरात पहिल्यांदाच मावशीने डॉल्फिनमध्ये रस घेतला. तिने मान पुढे केली, हवेत हुंगलं आणि म्हणाली,

“मेल्यान बांगडे खाल्ल्यान.”