साल वर की खाली?

नॉर्वेच्या एनआरके वाहिनीने २००९ मध्ये बर्गन ते ऑस्लो हा सात तासांहून मोठा रेल्वेप्रवास अथपासून इतिपर्यंत दाखवला. ना नायक, ना खलनायक, नुसते रूळ. तरी लाखो लोक डोळे लावून बसले! २०१३ मध्ये पाळी आली सरपणाची. चार तास लाकूडफोड आणि तिच्याविषयीच्या गप्पा, मग आठ तास नुसती जळती शेकोटी. कथानक नाही म्हणता? ते प्रेक्षकांनी घरच्या घरी रचले. तक्रारी आल्या: काही म्हणाले, रचलेल्या लाकडांची साल वर हवी, काही म्हणाले, खाली. (सासू-सून नसल्या म्हणून भांडण थोडेच अडते?) आमच्या मालिकांच्या पटकथाकारांनी मानधन वाढवून मागण्याआधी ही शेकोटी जरूर बघावी.