बँकेच्या घराची वास्तुशांत

वास्तुशांतीच्या पत्रिकेत खोटं छापणं हा दखलपात्र गुन्हा ठरवावा, अशी या सदराची सरकारला नम्र सूचना आहे. 'आमच्या नवीन वास्तूची शांत' असं लोक बिनदिक्कत छापतात आणि वर गणपतीचं चित्र देऊन देवालाही त्या खोट्यात सामील करून घेतात. केवळ टीका करून थांबण्याची या सदराची पद्धत नाही, म्हणून सुधारित मसुदा सोबत देत आहोत. कोणीही विनामूल्य वापरावा.

'॥ श्री गजानन प्रसन्न ॥ स.न.वि.वि. आमचे येथे श्रीकृपेकरून व सिबिल स्कोअरच्या आशीर्वादाने बँकेच्या नवीन वास्तूची शांत आमच्या खर्चाने करण्याचे योजिले आहे. वास्तू एकूण 600 चौरस फूट असून पैकी 120 चौरस फूट आमची आहे. तरी आपण सहकुटुंब येऊन हॉलमध्येच बसावे. आपले नम्र, कर्जदार व सौ. सहकर्जदार. विशेष सूचना: कृपया आहेर आणू नये. आणल्यास पार्ट पेमेंटमध्ये जमा केला जाईल. आमच्या बाबांच्या हप्त्याला नक्की यायचं हं! (चि. वारस)'

कायद्याची पुस्तकं वाचलेले वाचक लगेच पत्र लिहायला बसतील, की घर कर्जदाराचंच असतं, बँकेकडे ते फक्त तारण असतं. मान्य. इंडेक्स टूवर नाव तुमचंच असतं, दारावरची पाटी तुमचीच असते, ड्रेनेज तुंबल्यावर प्लंबरही तुम्हीच बोलावता. बँकेकडे असतात ते फक्त मूळ कागद. आम्ही मालकी मोजली ती पैशांत. ज्याने पैसे दिले त्याची फरशी, इतका ढोबळ आमचा नियम.

मोशी, रावेत, वाघोली, आंबेगाव, पुण्याच्या कोणत्याही कडेला जा. 600 चौरस फूट कार्पेटचा टू बीएचके, किंमत समजा साडेबासष्ट लाख. कर्ज मिळेल 50 लाख, कारण 30 ते 75 लाखांच्या गृहकर्जात बँकेला घराच्या किमतीच्या 80 टक्क्यांपलीकडे जायची मुभा नाही. उरलेले साडेबारा लाख तुमचे, म्हणजे एक पंचमांश घर, म्हणजे पत्रिकेतले ते 120 चौरस फूट. हॉल जेमतेम बसतो. स्वयंपाकघर बँकेचं, दोन्ही बेडरूम बँकेच्या, आणि मध्यरात्री उठून जिथे जावं लागतं ती जागाही बँकेचीच.

शिवाय मुद्रांक शुल्क. पुण्यात सात टक्के, 4,37,500 रुपये. नोंदणीचे 30,000. इमारत अजून उभी राहत असेल तर पाच टक्के जीएसटी, 3,12,500. एकूण 7 लाख 80 हजार, आणि त्याबदल्यात फरशीचा तुकडाही मिळत नाही. मुद्रांक आणि नोंदणी ही घराच्या किमतीत धरायची नाही असं रिझर्व्ह बँकेचंच सांगणं असल्याने तो भार थेट खिशावर, म्हणजे बहुतेकदा सासऱ्यांच्या मुदतठेवीवर. घर बाईच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत असते. 2021 पासून पुण्यातल्या नवऱ्यांमध्ये स्त्रीदाक्षिण्य नेमकं तेवढ्याच टक्क्याने वाढलेलं दिसतं.

आता पहिलं वर्ष. दर आम्ही साडेआठ टक्के धरला आहे. 2021 साली तो याहून कमी होता, 2023 साली जास्त. वीस वर्षं कर्ज डोक्यावर असलं की दोन्ही तऱ्हा बघाव्या लागतात. हप्ता 43,391 रुपये. पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले 35,417 रुपये व्याज आणि 7,974 मुद्दल. वर्षभरात तुम्ही भरता 5 लाख 20 हजार, आणि मुद्दल फिटतं एक लाखाला पाचशे रुपये कमी. म्हणजे वर्षभर राबून तुम्ही बँकेकडून साडेनऊ चौरस फूट घर सोडवून घेतलंत. एक चपलांचं कपाट आणि त्यासमोर वाकायला जागा. बिल्डरने हे घर चौरस फुटाला 10,417 रुपयांनी विकलं होतं, पण पहिल्या वर्षी ते तुम्हाला साडेचोपन्न हजारांनी पडतं. हा भाव दक्षिण मुंबईला शोभतो. समुद्र मात्र दिसत नाही. बाल्कनीतून दिसते ती शेजारच्या बिल्डरची जाहिरात, 'हप्ता फक्त' अशा शब्दांनी सुरू होणारी.

पाच वर्षांनी 26 लाख भरून झालेले असतात आणि कर्ज 50 वरून 44 लाखांवर आलेलं असतं. हप्त्यातल्या मुद्दलाचा हिस्सा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष उजाडतं. कर्ज निम्मं होतं तेरा वर्षं दहा महिन्यांनी. वास्तुशांतीला बालवाडीत असलेली मुलगी तोवर कॉलेजात गेलेली असते आणि 'आपल्या घरात मला वेगळी खोली का नाही?' असं विचारत असते. तिला खरं उत्तर द्यायला बापाची जीभ रेटत नाही.

यात बँकेने कोणाला फसवलेलं नसतं, हे मुद्दाम सांगायला हवं. महिनावार कोष्टक असतं, मागितलं की मिळतं. पण मागतो कोण? लग्नात केटररने लावलेलं प्रत्येक पान आपला माणूस खांबाआड उभा राहून मोजतो, बिलात आठ पानं जास्त दिसली तर वरातीच्या दिवशीही आवाज चढवतो. तोच माणूस साइट ऑफिसमध्ये एसी लागला, कॉफी आली आणि सॅम्पल फ्लॅटमधल्या बेडवर (जो मुद्दाम छोटा बनवून घेतलेला असतो) टेकला की एकच प्रश्न विचारतो, 'हप्ता किती बसेल?'

'त्रेचाळीस हजार तीनशे एक्क्याण्णव, सर.'

'जड जातंय हो.'

'मग तीस वर्षं करू या ना! अडतीस हजार चारशे सेहेचाळीस. मॅडम, बघा, तुमचा महिन्याचा किराणा निघाला.'

मॅडम बघतात, सर बघतात, टोकनचा चेक निघतो. महिना 4,945 रुपये वाचले म्हणून परतताना दोघं बाहेरच जेवतात. वीस वर्षांच्या कर्जाचे एकूण 1 कोटी 4 लाख होतात आणि तीस वर्षांच्या कर्जाचे 1 कोटी 38 लाख. किराण्याची ती सोय 34 लाख 26 हजारांना पडली. पण कोटीचा आकडा साइट ऑफिसमध्ये उच्चारणं अशुभ समजलं जातं.

कर्जमंजुरीच्या सुमारास विमा येतो. तो सक्तीचा अजिबात नसतो. तो घेतल्याखेरीज फाइल पुढे सरकत नाही, एवढंच. हप्ता एकरकमी असतो, 'पण काळजी नको, लोनमध्येच ॲड करून देतो.' लोनमध्ये ॲड केलेला प्रत्येक लाख वीस वर्षांत 2 लाख 8 हजार होऊन बाहेर पडतो. मॉड्युलर किचनचंही तेच, फर्निचरचंही तेच. गृहकर्जाच्या टॉपअपमधून घेतलेला सोफा फाटून भंगारात जातो, त्याच्या जागी दुसरा येतो, तोही खचतो, आणि पहिल्याचे हप्ते चालूच असतात.

आता दराची गोष्ट. 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाशी, म्हणजे बहुतेक ठिकाणी रेपो दराशी बांधली गेली. ते पारदर्शक झालं म्हणून सगळ्यांना आनंद झाला. काचेचा जिना पारदर्शक असतोच, फक्त खाली बघायचं नसतं. कोविडकाळात रेपो चार टक्क्यांवर आला तेव्हा 6.7 टक्क्यांनी 50 लाख घेणाऱ्या माणसाचा हप्ता 37,870 रुपये होता. मग मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो चढत चढत साडेसहावर गेला. आपल्या माणसाचा दर झाला 9.2, कर्ज उरलेलं होतं समजा साडेअठ्ठेचाळीस लाख, आणि हप्ता मात्र तेवढाच. बँकेने त्याला त्रास दिला नाही. मुदत तेवढी वाढवली.

किती वाढली? महिन्याचं व्याजच 37,183. मुद्दलाच्या वाट्याला 687 रुपये, चौघांची एक मिसळपार्टी. या वेगाने कर्ज फिटायला जवळजवळ 44 वर्षं लागतात. पस्तिशीतला माणूस एकोणऐंशीव्या वर्षी मुक्त होणार, आणि तेही प्रकृतीने साथ दिली तर. इतकी मुदत कोणतीही बँक देत नाही, म्हणून मुदतीची कमाल मर्यादा गाठली की निरोप येतो आणि हप्ताही वाढतो. पण तोवर कित्येकांना काही कळलेलंच नसतं, कारण खात्यातून जाणारा आकडा तोच असतो आणि आपण तेवढाच बघतो. अखेर ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेला लेखी सांगावं लागलं, की दर बदलला तर हप्ता आणि मुदत यांचं काय होणार ते कर्जदाराला कळवा, काय वाढवायचं ते त्याला निवडू द्या, आणि हप्त्यातून निदान महिन्याचं व्याज तरी निघतंय ना ते बघा. शेवटची अट पुन्हा वाचावी. ती घालावी लागली, यातच सगळं आलं.

घराघरात एक काका असतात. ते म्हणतात, 'अरे, पण टॅक्स वाचतो ना!' वाचतो, जुन्या करप्रणालीत असाल तर. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट. पहिल्या वर्षीचं आपलं व्याज आहे 4 लाख 21 हजार. त्यातले दोन लाख धरले, तुम्ही तीस टक्क्यांच्या पायरीवर असलात, तर सेससकट वाचतात 62,400 रुपये. पाऊण लाखही न वाचवण्यासाठी सव्वाचार लाख भरायचे, याला काका 'प्लॅनिंग' म्हणतात. नव्या करप्रणालीत राहत्या घराला ही वजावटच नाही. तिथे काका म्हणतात, 'असेट तर झाला ना!' काकांनी स्वतः निवृत्तीनंतर प्रॉव्हिडंट फंडातून घर बांधलं होतं, एक रुपया कर्ज न काढता. भारतात 1977 साली हसमुखभाई पारेखांनी मुंबईत केवळ गृहकर्ज देणारी कंपनी काढली, तेव्हा पगारदार माणसाने तरुणपणीच घरात राहायला जावं हा त्यामागचा विचार होता. विचार चांगलाच होता, आणि आम्हीही त्याचे लाभार्थी आहोत. पन्नाशीपर्यंत घरमालकाच्या पायऱ्या झिजवण्यापेक्षा हे बरं, हे नाकारण्यात अर्थ नाही.

आणि बँकेच्या बाजूनेही एक खातं मांडायला हवं. आजचे 43,391 आणि वीस वर्षांनंतरचे 43,391 एक नव्हेत. पगार वाढतो, रुपया झिजतो, शेवटची वर्षं हलकी जातात. तेच घर भाड्याने घेतलं तर आज निम्म्याहून कमीत मिळेल, पण ते भाडं दर अकरा महिन्यांनी वाढेल आणि मालकाचा मुलगा अमेरिकेहून परतला की सामान आवरावं लागेल. तेव्हा कर्ज काढू नका असला भंपक सल्ला हे सदर देत नाही. साडेबासष्ट लाखांच्या वस्तूवर कर, मुद्रांक आणि व्याज धरून सव्वा कोटीच्या जवळ जाणार असू, तर जायच्या आधी तो आकडा एकदा मोठ्याने वाचावा, इतकंच मागणं. मग खुशाल सही करावी.

एक पळवाट आहे आणि तिची जाहिरात कोणी करत नाही. व्यक्तीच्या नावावरच्या फ्लोटिंग गृहकर्जाची मुदतीआधी परतफेड केली तर बँकांना दंड आकारता येत नाही. हा नियम 2012 पासून आहे. दर वर्षी फक्त एक जादा हप्ता मुद्दलात टाकला, तर आपलं वीस वर्षांचं कर्ज साडेतीनेक वर्षं आधी संपतं आणि सुमारे दहा लाख वाचतात. त्यासाठी बँकेच्या ॲपमध्ये पार्ट पेमेंटचं बटण शोधावं लागतं. ते 'सर्व्हिसेस'मध्ये, मग 'अदर सर्व्हिसेस'मध्ये, मग 'मोअर'मध्ये असतं. टॉपअपचं बटण पहिल्याच पानावर लखलखत असतं. सापडलंच तर 'हप्ता कमी करू की मुदत?' असं विचारतात. इथे मुदत म्हणायचं असतं. सवयीने बोट हप्त्याकडे जातं.

आणि समजा सगळं पार पडलं. शेवटचा हप्ता गेला, बँकेचं अभिनंदनाचं पत्र आलं, सोबत नव्या कर्जाची पूर्वमंजूर ऑफरही आली. आता मूळ कागद परत घ्यायचे. त्यालाही रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, डिसेंबर 2023 पासूनचा. कर्ज पूर्ण फिटल्यावर 30 दिवसांत कागद परत करायचे, आणि बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यायची. या सदराच्या वाचनात आलेली ही सर्वोत्तम गुंतवणूक योजना आहे. तेव्हा कर्ज फिटल्यावर शाखेत मुळीच घाई करू नये. कागद मध्यवर्ती कोठारात आहेत, साहेब रजेवर आहेत, सिस्टीम डाऊन आहे, असं कोणी म्हणालं तर हसून 'सावकाश होऊ द्या' म्हणावं आणि शिपायालाही चहा पाजावा. वीस वर्षांत भरलेलं व्याज 54 लाख 14 हजार. बँकेने तुमची फाइल 1,083 दिवस नीट हरवून ठेवली, तर ते सगळं परत मिळतं.