तालव्य सर

कळंबात कुणाचा घसा बसला तर तो दवाखान्यात जातो, पण सरळ रस्त्यानं जात नाही. सरळ रस्त्यावर तालव्य सरांचं घर आहे.

सर सकाळपासून ओट्यावर बसलेले असतात. बसलेला घसा त्यांना लांबूनच कळतो. आधी ते 'आ' म्हणायला लावतात, मग 'ई', मग 'ऊ', आणि मग स्वरतंतू म्हणजे काय ते भर रस्त्यात दोन बोटं एकमेकांवर आपटून दाखवतात. पुरुषाचे स्वरतंतू बोलताना सेकंदाला शंभर-सव्वाशे वेळा थरथरतात, बाईचे दोनशेच्या आसपास, हे ते एवढ्या कौतुकानं सांगतात की जणू ती सोय त्यांनीच करून दिली आहे. एकदा एका शेतकऱ्यानं हे सगळं निमूट ऐकून घेतलं आणि बसक्या आवाजातच म्हणाला, "एवढं थरथरल्यावर बसनारच की ओ सर घसा!" सरांनी त्याच्या 'बसनार'मधला 'न' दुरुस्त केला आणि त्याला जाऊ दिलं.

सरांचं खरं नाव रेशनकार्डावर आणि पेन्शनच्या कागदावर आहे. गावानं ते केव्हाच सोडून दिलं. हायस्कूलात ते मराठी शिकवायचे. कविता, धडे, निबंध हे सगळं दिवाळीआधी उरकून टाकायचे आणि उरलेलं वर्ष फळ्यावर तोंडाचा उभा छेद काढून कंठ्य, तालव्य, मूर्धन्य, दंत्य, ओष्ठ्य करत बसायचे. पोरांना खरं तर 'मूर्धन्य सर' हे नाव ठेवायचं होतं. पण ते कुणाच्या तोंडात बसेना, म्हणून तालव्यवर भागलं.

तालुक्याच्या गावाला असा एखादा माणूस असतोच. कुणी नारळ हातावर आडवा धरून बोअरचं पाणी सांगतो, कुणी पुतण्याच्या पत्रिकेतला मंगळ काढून देतो, कुणी किल्ल्यांच्या तारखा पाठ म्हणतो. आमच्या वाट्याला बोलण्याचं शास्त्र आलं. पाणी सांगणाऱ्याचा निदान बोअर कोरडा गेला की तो चार महिने दिसत तरी नाही.

सरांच्या घरी लोखंडी कपाट आहे. त्याच्या लॉकरमध्ये कधी तरी सोनं येईल अशी बाईंची लग्नापासूनची समजूत होती. लॉकरमध्ये ना. गो. कालेलकरांचं 'ध्वनिविचार' आहे, वर्तमानपत्राचं कव्हर घातलेलं, शेजारी डांबरगोळी. खालच्या फळीवर मोरो केशव दामल्यांचं 1911 चं 'शास्त्रीय मराठी व्याकरण', जे एका हातानं उचलायचं असेल तर आधी न्याहारी करावी. त्याला टेकून अशोक केळकरांचं 'वैखरी', अशोक दा. रानड्यांचं 'भाषणरंग', आणि इंग्रजीतलं स्टीव्हन पिंकरचं 1994 चं भाषेवरचं गाजलेलं पुस्तक. पिंकरमध्ये पेन्सिलीच्या खुणा आहेत. चाळिसाव्या पानानंतर त्या नाहीत. पण वाद घालायला चाळीस पानं भरपूर झाली, हे ज्यानं त्यांच्याशी वाद घातला आहे तो कबूल करेल.

या पुस्तकांवर माझा काडीचाही राग नाही. कालेलकरांसारखा माणूस बोलीकडं ज्या आदरानं पाहतो तो वाचून आपल्याच तोंडातल्या भाषेबद्दल जरा बरं वाटतं. शास्त्राच्या नजरेनं कुठलीच बोली हलकी नसते, हे सरांनीही तांबड्या शाईनं अधोरेखित केलेलं आहे. मी ते पान पाहिलं आहे. ते पान मिटून सर बाहेर आले आणि टँकरच्या रांगेतल्या माणसाला म्हणाले, "पानी नव्हे, पाणी." तो घागर पुढं सरकवत म्हणाला, "ण म्हणलं तर जास्त येतंय का ओ?"

चिंचेची गोष्ट तर बाजारात अजून सांगतात. मराठीत च दोन आहेत, एक 'चंद्र'मधला आणि एक 'चूल'मधला, आणि लिहिताना मात्र दोघांना एकच अक्षर, हे सरांचं जुनं दुखणं. 'चिंच' या शब्दात ते दोन्ही च पाठोपाठ येतात. पहिला तालव्य, दुसरा दंततालव्य. आठवडी बाजारात चिंचेच्या ढिगाशी बसलेल्या बाईपुढं सर उकिडवे बसले आणि म्हणाले, "मावशी, चिंचेतले दोन्ही च वेगळे आहेत."

"वेगळे कशानं? एकाच झाडाची हाय समदी!"

"तसं नव्हे. म्हणून बघा, चिं... च."

बाई ग्राहकाच्या आशेनं चारदा 'चिंच' म्हणाली. पाचव्यांदा तिनं तागडी उचलली. सरांनी अर्धा किलो चिंच आणली. घरी आधीच दोन किलो होती.

बसस्थानकासमोरच्या हॉटेलात त्यांचा प्रयोग चालला तो मात्र मी स्वतः पाहिला. कोलर नावाच्या जर्मन मानसशास्त्रज्ञानं 1929 साली दोन निरर्थक शब्द आणि दोन आकृत्या घेऊन एक गंमत दाखवली होती. पुढं 2001 मध्ये रामचंद्रन आणि हबर्ड या दोघांनी ती 'बूबा' आणि 'किकी' या नावांनी जगभर पोचवली. एक आकृती गुबगुबीत, एक टोकदार. यातली बूबा कोण आणि किकी कोण, असं विचारलं की जवळजवळ सगळे जण टोकदार आकृतीला किकी म्हणतात. म्हणजे आवाजालाही आकार असतो. सरांनी कॅलेंडरच्या जुन्या पानामागं दोन्ही आकृत्या काढल्या आणि टेबलाटेबलावर फिरवल्या. पहिला म्हणाला, ही भाकर आणि ही बाभळ. दुसरा म्हणाला, ही आमच्या सायबाची आणि ही आमची. काय ते त्यानं सांगितलं नाही. तिसरा सोयाबीनचा शेतकरी, त्यानं कागद हातात घेऊन उलटसुलट केला आणि विचारलं, "सर, यातल्या कंच्याला पीकविमा बसतोय?"

सर चिडले नाहीत. ते चिडत नाहीतच, आणि हीच मोठी पंचाईत आहे. त्यांनी वहीत लिहिलं : 'प्रतिसाद संदिग्ध.'

मग मॅकगर्क आला. मॅकगर्क आणि मॅकडोनाल्ड यांनी 1976 साली दाखवलं की माणूस नुसत्या कानानं ऐकत नाही, डोळ्यांनीही ऐकतो. पडद्यावरचे ओठ 'गा' म्हणताना दिसत असतील आणि आवाज 'बा'चा असेल, तर बऱ्याच जणांना तिसरंच, 'दा', ऐकू येतं. हे वाचल्यापासून सर समोरच्याच्या ओठांकडं टक लावून बघायला लागले. बँकेच्या काउंटरवरच्या मॅडमनी खुर्ची फिरवून घेतली. पण खरी कसोटी लागली ती मावा खाणाऱ्यांपुढं. तोंड भरलेलं, मान वर केलेली, खालचा ओठ बांधासारखा पुढं काढून आतलं पाणी अडवलेलं. असा माणूस बोलतो तेव्हा प-फ-ब-भ निघतच नाहीत, कारण ओठ मिटले तर शर्ट जातो. राहतो तो आवाज नाकातून. सर तासभर एका पानटपरीपाशी उभे राहून टिपत होते. "सगळे वर्ण नासिक्य!" ते मला आनंदानं म्हणाले. तोंड भरलेल्या गड्यानं मान हलवून दुजोरा दिला, "ङं."

सुट्टीत सर पोरांना फुकट उच्चार शिकवतात. त्यात पाणिनीय शिक्षेतली उपमा ठरलेली : वाघीण पिल्लाला दातांत धरून नेते तेव्हा पिल्लू पडतही नाही आणि त्याला दातही लागत नाहीत, अक्षर तसं उच्चारावं, ना निसटू द्यावं ना चावावं. उपमा खरोखरच अशी आहे की ऐकल्यावर माणूस एक दिवस तरी नीट बोलतो. पण 2024 च्या डिसेंबरात येडशीच्या रामलिंग अभयारण्यात थेट विदर्भातल्या टिपेश्वरचा वाघ येऊन राहिला, आणि त्यानंतरच्या वर्गात एका पोरानं हात वर केला : "सर, त्यो नर हाय म्हनं. मग आता उच्चार कसा करायचा?"

ब्रोकाचा रोगी हाही सरांचा आवडता. 1861 साली पॅरिसमध्ये पॉल ब्रोका या डॉक्टरनं एका माणसाचा मेंदू तपासला. त्या माणसाला वर्षानुवर्षं 'टॅन' एवढंच बोलता येई; समजे पुष्कळ, पण काहीही विचारलं तरी उत्तर 'टॅन टॅन'. मेंदूच्या डाव्या बाजूला पुढं जखम निघाली आणि बोलण्याची जागा सापडली. सरांनी हे हॉटेलात सांगितलं तेव्हा क्षणभर सगळे गप्प झाले. गल्ल्यावरचे आप्पा म्हणाले, "आपल्याकडं असता तर तिकीट मिळालं असतं."

घरची हकिकत थोडक्यात सांगतो, कारण बाईंनी ती मला एकदाच आणि थोडक्यातच सांगितली. त्या आतून म्हणाल्या, "अहो, गॅस संपलाय." सर म्हणाले, "वा! 'प'चा स्फोट किती स्वच्छ आला." दुसऱ्या दिवशी दुपारी दोघं शेजारी जेवली.

आमच्या जिल्ह्यात तेर आहे. गोरोबाकाकांनी थापटणं घेऊन संतमंडळींच्या डोक्यावर एकेक थाप मारली, कोण पक्कं कोण कच्चं ते पाहिलं आणि नामदेवांना कच्चं ठरवलं, ही तिथली गोष्ट लहान पोरालाही ठाऊक आहे. सरांच्या मते ती जगातली पहिली ध्वनिपरीक्षा. एरवी मी असल्या दाव्यांवर हसतो, पण ही कल्पना मला आवडली. फक्त काकांना मडक्यात पाणी राहतं की नाही याची काळजी होती. सर नादावरच थांबतात.

यंदा चैत्रात येरमाळ्याला येडेश्वरीच्या यात्रेत सरांना माइक मिळाला. पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी पालखी चुन्याच्या रानात येते, लाखो माणसं खाली वाकून चुनखडीचे खडे वेचतात, आणि त्या गर्दीत पोरं हरवतात. स्वयंसेवकांच्या मांडवात सूचना द्यायला बरा आवाज हवा होता. सरांनी पाण्याचा घोट घेतला, दोनदा 'ओम्' म्हणून बघितलं आणि बसले.

एक म्हातारी रडत आली. नात हरवली होती.

"नाव काय?"

"सुमी."

"पूर्ण नाव?"

"आता पुरं आनखी कसलं? सुमीच की."

सरांनी मनाशी व्याकरण जुळवलं, पोट आत घेतलं आणि रानभर आवाज घुमला, "समस्त भाविकांना सविनय निवेदन." विराम. "कुमारी सुमन, आपण जेथे कोठे असाल, तेथून कृपया स्वयंसेवक कक्षाशी संपर्क साधावा." विराम. आवाज खरंच सुरेख होता. खडे वेचणारी दोन माणसं उभी राहिली. त्यांना वाटलं, मंत्री आला. कुमारी सुमन काही आली नाही. सहा वर्षांच्या पोरीला आपण कुमारी आहोत, सुमन आहोत, हे कुणी सांगितलंच नव्हतं. सरांनी तेच निवेदन पुन्हा केलं, या वेळी 'कृपया'तला 'कृ' अधिक शुद्ध.

तिसऱ्या वेळी म्हातारीनं माइक हिसकला. "आगं ये सुमेऽऽ! कुठं मेलीस गं, हितं ये, म्या हितं हाय!" भोंगा किंचाळला, मांडवातल्या लोकांनी कान झाकले.

तीन सुम्या आल्या. त्यातली एक तिची होती. तिला पाठीत एक धपाटा घालून म्हातारीनं पोटाशी धरलं.

सर उठले. मला वाटलं, आता खट्टू होतील. त्यांनी खिशातून मोबाइल काढून रेकॉर्डिंग लावलं. "1953 साली चेरीनं हेच सांगितलंय," ते घाईघाईनं मला म्हणाले, "गोंगाटात माणूस हवा तो आवाज निवडून ऐकतो. मावशी, परत एकदा. तसंच. फक्त 'मे' तेवढाच लांबवा."

"आता कशाला वरडू?" म्हातारी म्हणाली. "घावली की!" आणि नातीला घेऊन गर्दीत शिरली.

मांडवात दोन सुम्या उरल्या होत्या, दोघीही भोकाड पसरून. सरांनी माइक पुसला, घसा साफ केला आणि पहिलीपुढं वाकून विचारलं, "बाळ, तुझं पूर्ण नाव काय?"